विश्वस्ताचं मानधन किती योग्य? कोर्ट काय बघतं आणि आपण फाइल कशी बांधावी

गणपती पेठेत भाड्याने दिलेले दोन गाळे, तासगावच्या बाजूला तीन एकर द्राक्षबाग आणि बँकेत तीस लाखांची ठेव. आजोबांनी जाताना हे सगळं ट्रस्टमध्ये टाकलं. लाभार्थी म्हणून विधवा सून आणि दोन अज्ञान (अठरा वर्षांखालच्या) नाती यांची नावं घातली आणि धाकट्या मुलाला ट्रस्टी केलं. तिसऱ्या वर्षी सूनबाईंनी पासबुक उघडलं, तर दर महिन्याला आठ हजार रुपये ‘व्यवस्थापन’ या नावाने दिराच्या खात्यात गेलेले.

“भाऊजी, हे कशाचे?”

“वहिनी, छाटणीपासून माल उतरेपर्यंत बागेत मी उभा असतो. फुकट राबू का?”

हे घर खरं नाही. सांगलीत ट्रस्टचे हिशेब लिहिताना जी घरं पाहिली त्यांतली चार-पाच एकत्र करून मी ते उभं केलं आहे. प्रश्न मात्र खरा आहे आणि दरवर्षी कुणीतरी घेऊन येतोच. भाऊजींची मेहनत खरी, वहिनींची शंकाही खरी. कोर्टात गेलं तर आधी एक प्रश्न येतो आणि तो ओलांडल्याशिवाय ‘किती’ हा प्रश्न येतच नाही. तो प्रश्न असा: मोबदला घेण्याचा हक्क मुळात आहे का?

आधी ट्रस्ट कोणता ते बघा

घरातल्या ठरावीक माणसांसाठी केलेला ट्रस्ट खाजगी. त्याला भारतीय न्यास अधिनियम, १८८२ लागू होतो. देऊळ, शाळा, वाचनालय, दवाखाना, अन्नछत्र हे सार्वजनिक. त्यांच्यासाठी आपल्याकडे १९५० चा सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियम आहे. त्याच्या नावात पूर्वी ‘मुंबई’ होतं, आता ‘महाराष्ट्र’ आहे. १८८२ चा कायदा धार्मिक आणि धर्मादाय ट्रस्टना लागू नाही असं त्याच्या पहिल्याच कलमात लिहिलं आहे. तरी विश्वस्ताने कसं वागावं याची त्यातली तत्त्वं सार्वजनिक ट्रस्टच्या वादातही वकील मांडतात आणि कोर्ट ऐकून घेतं.

वक्फची वाट निराळी. वक्फ करणाऱ्याने मुतवल्लीचा (वक्फचा कारभार बघणाऱ्याचा) मोबदला ठरवला नसेल तर कोर्ट तो ठरवू शकतं, पण वक्फच्या उत्पन्नाच्या दहाव्या हिश्श्याच्या वर नाही, असा जुना नियम आहे. मृत्युपत्राचा एक्झिक्युटर (त्याची अंमलबजावणी करणारा) असाल तर भारतीय उत्तराधिकार अधिनियम, १९२५ चं कलम ३०९ वाचा. सरकारी महाप्रशासकाला (अ‍ॅडमिनिस्ट्रेटर जनरल) जो दर लागू असेल त्याहून जास्त कमिशन एक्झिक्युटरला घेता येत नाही. एकच माणूस एक्झिक्युटर आणि पुढे ट्रस्टी असेल, तर दोन्ही कामांचे हिशेब पहिल्या दिवसापासून वेगळे ठेवावेत.

कलम ५०: हक्काचा प्रश्न

१८८२ च्या कायद्याचं कलम ५० दोन-तीन ओळींचं आहे, पण भाऊजींचं सगळं भवितव्य त्यात आहे. ट्रस्टी आपल्या श्रमाचा, कौशल्याचा आणि खर्च झालेल्या वेळेचा मोबदला मागू शकत नाही. अपवाद तीन. ट्रस्टच्या लेखात (ट्रस्ट डीडमध्ये) तशी तरतूद असेल, ट्रस्ट स्वीकारताना लाभार्थ्याशी तसा करार झाला असेल, किंवा त्याच वेळी कोर्टाशी तसं ठरलं असेल. शासकीय विश्वस्तासारखे अधिकारी या कलमातून वगळलेले आहेत.

‘ट्रस्ट स्वीकारताना’ हे शब्द तांबड्या शाईने अधोरेखित करून ठेवा. आपल्याकडे घडतं उलट. घरात कुणी वारलेलं असतं, बाराव्या-तेराव्याला नातेवाईक जमतात, ‘तूच बघ रे सगळं’ म्हणतात. अशा वेळी पैशाचं बोलायची लाज वाटते. मग दोन वर्षांनी, बाग अंगावर आल्यावर, माणूस आपल्या हाताने आठ हजार उचलायला लागतो. तोवर तिजोरीच्या किल्ल्या त्याच्याच कमरेला असतात, म्हणून अशा उचलीकडे आणि मागाहून केलेल्या करारांकडे कोर्ट संशयानेच बघतं. बाराव्याला लाज वाटली तरी बोला.

इंग्लंडमध्ये ‘विश्वस्ताला मोबदला नाही’ हा नियम १७३४ च्या रॉबिन्सन विरुद्ध पेट या खटल्यापासून सांगितला जातो. विश्वस्ताला आपल्या वेळेची किंमत आपणच लावू दिली तर ट्रस्ट पोखरला जाईल, ही त्यामागची भीती. पुढे तिथेही काळ बदलला. ड्यूक ऑफ नॉरफोक यांच्या ट्रस्टच्या प्रकरणात अपील कोर्टाने, ट्रस्टच्या चांगल्या कारभारासाठी गरज असेल तर लेखात ठरलेला मोबदला वाढवण्याचाही अधिकार कोर्टाला आहे असं म्हटलं, आणि २००० च्या ट्रस्टी अ‍ॅक्टने व्यावसायिक विश्वस्तांना वाजवी मोबदल्याची वाट मोकळी केली. आपलं कलम ५० मात्र जागच्या जागी आहे.

लाभार्थ्याशी करार करायचा तर तो सज्ञान हवा. इथे सूनबाई सही करू शकतात, पण फक्त स्वतःच्या हिश्श्यापुरती. मुलींच्या वतीने आईने केलेल्या सहीवर मुली अठरा वर्षांच्या झाल्यावर वाद निघू शकतो. अज्ञान लाभार्थी असतील तिथे कोर्टाचीच वाट धरा असं मी सांगतो. सगळे लाभार्थी सज्ञान असतील, सगळे आकडे समोर ठेवले असतील आणि सगळ्यांनी मोकळेपणाने लेखी मान्यता दिली असेल, तर पुढचं भांडण बरंच टळतं.

खर्च वेगळा, मोबदला वेगळा

हा गोंधळ मी सगळ्यात जास्त पाहतो. कलम ३२ प्रमाणे ट्रस्टच्या कामासाठी योग्य रीतीने झालेला खर्च ट्रस्टी ट्रस्टच्या पैशातून भागवू शकतो. त्यासाठी कुणाच्या परवानगीची गरज नाही. बागेत जायचं पेट्रोल, घरफाळा, वकिलाची फी, पावतीबुकाची छपाई हे सगळं यात येतं. खिशातून घातलं असेल तर ती रक्कम आणि त्यावरचं व्याज यांचा ट्रस्टच्या मालमत्तेवर पहिला बोजा असतो.

म्हणून पेट्रोल, चहापाणी आणि ‘माझी मेहनत’ यांची मोट बांधून दरमहा ठोक रक्कम उचलू नका. ठोक रकमेत खर्चाचा भाग किती हे नंतर सिद्ध करता येत नाही आणि हक्काचा खर्चसुद्धा बेकायदा मोबदल्याबरोबर वाहून जातो. व्हाउचर वेगळी, खातं वेगळं.

‘किती’ ठरवताना कोर्ट काय तोलतं

समजा लेखात ‘ट्रस्टीस योग्य मानधन घेता येईल’ असं लिहिलं आहे, आकडा नाही. आता मोजमापाचा प्रश्न आला. आपल्या कायद्यात यासाठी दरपत्रक नाही, कसोट्यांची यादीही नाही. जवळची उदाहरणं आहेत. पालक आणि पाल्य अधिनियम, १८९० च्या कलम २२ प्रमाणे कोर्टाने नेमलेल्या पालकाला त्याच्या कष्टाबद्दल कोर्टाला योग्य वाटेल तेवढा भत्ता मिळतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४०, नियम २ प्रमाणे रिसीव्हरचा (वादातली मालमत्ता सांभाळायला कोर्टाने नेमलेल्या माणसाचा) मेहनताना कोर्ट ठरवतं. दोन्हीकडे आकडा कोर्टाच्या विवेकावर सोडलेला आहे, आणि विवेकाला खायला पुरावा लागतो.

कसोट्या नीट मांडलेल्या हव्या असतील तर त्या अमेरिकेत सापडतात. तिथल्या २००० च्या युनिफॉर्म ट्रस्ट कोडच्या (राज्यांसाठीच्या नमुना कायद्याच्या) कलम ७०८ मध्ये दोन गोष्टी आहेत. लेखात मोबदला ठरलेला नसेल तर परिस्थितीनुसार वाजवी मोबदला मिळतो. ठरलेला असला तरी काम मुळात अपेक्षेपेक्षा फार वेगळं निघालं किंवा तो आकडा अवाजवी कमी-जास्त ठरला, तर कोर्ट तो बदलू शकतं. वाजवी म्हणजे काय हे बघताना तिथली कोर्टं मालमत्तेचा आकार आणि स्वरूप, लागलेला वेळ, कौशल्य, जबाबदारी आणि जोखीम, कामाचा दर्जा, निष्ठा आणि त्या भागातली रीत हे सगळं बघतात. आपल्या कोर्टावर हे बंधनकारक नाही, पण अर्जाची मांडणी करायला उत्तम. आता हीच फूटपट्टी आपल्या घराला लावू.

ठेवीला कष्ट नाहीत. पावती दर वर्ष-दोन वर्षांनी फिरवायची, एवढंच. तीस लाख हा आकडा मोठा दिसतो म्हणून त्याच्या टक्केवारीवर मानधन मागणारे पाहिलेत, पण हे टिकत नाही. गाळ्यांना मध्यम काम: भाडं गोळा करणं, पावत्या, करारनामे, पावसाळ्याआधी पत्रे. बाग मात्र माणसाला खाते. एप्रिलची खरड छाटणी, ऑक्टोबरची छाटणी, फवारण्या, मजूर, व्यापारी, आणि व्यापारी फिरकला नाही तर बेदाण्याचा निर्णय. भाऊजींचा दावा उभा राहील तो बागेवर, ठेवीवर नाही.

कौशल्याचं शस्त्र दुधारी आहे. ट्रस्टी स्वतः शेतीतला जाणकार असेल आणि त्यामुळे सल्लागाराचे पैसे वाचले असतील, तर ते त्याच्या बाजूने. पण ट्रस्टी सीए आहे, ‘ट्रस्टी म्हणून’ मानधन घेतो आणि वर स्वतःच्या फर्मचं हिशेबाचं बिलही ट्रस्टला लावतो, तर एकाच कामाचे दोनदा पैसे झाले. कलम ५१ ट्रस्टच्या मालमत्तेतून स्वतःचा फायदा काढायला मनाई करतं, त्याची आठवण समोरचा वकील लगेच करून देतो.

काम दुसऱ्याकडून करून घेतलं असेल तर तेवढं वजा होतं. भाडं गोळा करायला दिवाणजी ठेवला आणि त्याचा पगार ट्रस्टने दिला, तर भाडं गोळा करण्याचं मानधन ट्रस्टीला कशाचं? ट्रस्टी तिघे असतील तर मानधन तिप्पट होत नाही. काम एकच आहे, वाटणी तिघांनी आपसात करावी.

कामाचा परिणाम बघताना कोर्ट नशीब आणि निष्काळजीपणा यांत फरक करतं. फळ भरलेलं असताना गारपीट झाली, बाग गेली, तर तो दोष ट्रस्टीचा नाही आणि त्या वर्षी राबलेले तासही खोटे ठरत नाहीत. पण एका गाळ्याचं भाडं अठरा महिने थकलं, साधी नोटीससुद्धा गेली नाही, तर कलम १५ मधली सामान्य शहाण्या माणसाची काळजी कुठे गेली हे विचारलं जातं. गाळेकरी भाऊजींचा मेहुणा निघाला तर विचारूच नका. निष्ठेवर डाग असेल तिथे तास कितीही दाखवा, कोर्ट मानधन कापू शकतं किंवा मुळातच नाकारू शकतं.

दर सांगलीचा लावा. पुण्या-मुंबईतल्या ट्रस्ट कंपनीचं दरपत्रक आणून सांगलीच्या जिल्हा न्यायालयात ठेवणारे बहाद्दर आहेत, पण हे काम बाहेरच्या माणसाला दिलं असतं तर इथे कितीला पडलं असतं, हीच खरी तुलना.

एक आकडेमोड

आकडे कल्पित आहेत, पद्धत बघा. गाळ्यांचं भाडं वर्षाला ४,८०,००० रुपये, ठेवीचं व्याज २,१०,०००, बागेचा हिस्सा २,७०,०००. एकूण ९,६०,०००. भाऊजींनी घेतले ९६,०००, म्हणजे उत्पन्नाच्या बरोबर दहा टक्के. ‘दहा टक्के कुठेही मान्य होतात’ असं त्यांना कुणीतरी कट्ट्यावर सांगितलेलं.

आता रोजनिशीप्रमाणे काम. गाळे, बँक, हिशेब मिळून महिन्याला सहा तास, वर्षाचे ७२. बागेत हंगामात २५ दिवस, रोज पाच तास, म्हणजे १२५. गाळेकऱ्याच्या दाव्यासाठी वकिलाकडे आणि कोर्टात ४० तास. साध्या कामाला तासाला १५० आणि जोखमीच्या कामाला २५० धरले तर १०,८०० अधिक ३१,२५० अधिक १०,०००. बेरीज ५२,०५०.

दुसऱ्या बाजूने पडताळा घ्या. दिवाणजीला महिन्याला २,५०० म्हणजे वर्षाचे ३०,०००. बागेवर देखरेखीला सहा महिने ५,००० प्रमाणे ३०,०००. एकूण ६०,०००. दोन वेगळ्या वाटांनी आकडा बावन्न ते साठ हजारांच्या मध्ये आला की तो अर्जात लिहायला बळ येतं. ९६,००० साठी मात्र काहीतरी खास दाखवावं लागेल.

आणि हे लक्षात घ्या: लेखात तरतूदच नसेल, तर साठ हजारांचं हे सुंदर गणितही उपयोगाचं नाही. तीन वर्षांचे २,८८,००० पूर्णच्या पूर्ण वादात जातात.

फाइल कशी बांधावी

सुरुवात पावतीबुकाशेजारी ठेवलेल्या एका साध्या वहीपासून. ‘१४ ऑक्टोबर, बाग, छाटणीच्या टोळीशी दर ठरवला, १० ते ३, पेट्रोल व्हाउचर नं. ४१.’ एवढंच. त्याच दिवशी, त्याच शाईत. वर्षाच्या शेवटी एका बैठकीत भरलेली वही कोर्टात उलटतपासणीत दहा मिनिटांत उघडी पडते: रविवारी बँकेत गेल्याची नोंद सापडते.

वहीच्या मागे ट्रस्टच्या लेखाची नक्कल, दरवर्षीचे तपासलेले हिशेब, लाभार्थ्यांना ते पाठवल्याची पोच (कलम १९ प्रमाणे हिशेब दाखवणं हे कर्तव्यच आहे), आणि इथल्याच दोन माणसांकडून ‘हे काम आम्ही इतक्याला करू’ अशी लेखी दरपत्रकं.

नवा ट्रस्टी म्हणून कोर्ट तुमची नेमणूक करत असेल, तर मानधनाची मागणी त्याच अर्जात करा आणि आदेशात आकडा लिहून घ्या. आधीच ट्रस्टी असाल तर कलम ३४ प्रमाणे जिल्हा न्यायालयाकडे कारभाराबाबत मत किंवा निर्देश मागता येतात. अर्जाची प्रत संबंधितांना बजावावी लागते. खरी वस्तुस्थिती मांडून कोर्टाच्या निर्देशाप्रमाणे वागणाऱ्या ट्रस्टीला त्या बाबतीत संरक्षण मिळतं. पण गुंतागुंतीचे, मोठे वाद या झटपट वाटेने सुटत नाहीत. तिथे रीतसर दावाच करावा लागतो. वकिलाला पहिल्या भेटीतच विचारा: आपला प्रश्न चौतीसमध्ये बसतो का?

सार्वजनिक ट्रस्ट असेल तर

इथे पहिली खिडकी धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयाची. हिशेबाच्या नमुन्यात, परिशिष्ट नऊच्या उत्पन्न-खर्च पत्रकात, ‘विश्वस्तांचे मानधन’ अशी स्वतंत्र ओळच छापलेली आहे. म्हणजे कायद्याला मानधन अपरिचित नाही, फक्त ते उघड्यावर हवं. ते आस्थापना खर्चात किंवा प्रवास खर्चात लपवलं की कलम ३४ खालचा लेखापरीक्षक (हे १९५० च्या कायद्याचं कलम ३४, गोंधळू नका) अनियमित खर्च म्हणून शेरा मारू शकतो. विश्वस्त ट्रस्टचा ऋणको किंवा धनको आहे का, हेही त्याला अहवालात सांगावं लागतं. थकीत मानधन ‘देणे’ म्हणून ताळेबंदात वर्षानुवर्षं ओढत नेणाऱ्यांना हा रकाना अडचणीत आणतो.

क्रम असा ठेवा. ट्रस्टची घटना (नियमावली) किंवा कारभारासाठी मंजूर झालेली योजना वाचा. तरतूद नसेल तर नुसता ठराव करून मानधन सुरू करू नका. योजना असलेल्या ट्रस्टमध्ये ती दुरुस्त करून घेण्याची वाट कलम ५०अ मधून जाते. तरतूद असेल तर बैठकीची नोटीस काढा, ज्याच्या मानधनाचा विषय आहे त्याने त्या विषयापुरतं बाहेर बसावं आणि तसं प्रोसिडिंगमध्ये लिहावं. ठरावात काम, तास आणि रक्कम तिन्ही यावं. ‘सर्वानुमते मंजूर’ एवढ्यावर कुणाचं समाधान होत नाही.

मिरजेसारख्या दवाखान्यांच्या गावात एक खास पेच येतो: विश्वस्त स्वतः डॉक्टर आहे आणि ट्रस्टच्या दवाखान्यात रुग्णही बघतो. तो पैसे घेतो ते डॉक्टर म्हणून. तिथे बाहेरच्या डॉक्टरला त्याच कामाचे किती दिले जातात ही तुलना फाइलमध्ये हवीच. विश्वस्तपदाशी विसंगत असं दुसरं पद स्वीकारणं हे कलम ४१ड खाली निलंबन किंवा बडतर्फीचं एक कारण आहे, त्यामुळे नेमणुकीआधी सल्ला घ्या. आयकराची तलवार वेगळीच. १९६१ च्या कायद्याचं कलम १३ विश्वस्ताला किंवा त्याच्या नातेवाइकाला सेवेच्या वाजवी किमतीपेक्षा जास्त दिलेली रक्कम हा ट्रस्टचा गैरवापर धरतं आणि करसवलत धोक्यात येते. १ एप्रिल २०२६ पासून २०२५ चा नवा आयकर कायदा लागू झाला आहे, तेव्हा चालू कलम सीएकडून लिहून घ्या.

पैसे आधीच उचलले असतील तर

भाऊजींना मी काय सांगेन? उद्यापासून उचल बंद. तीन वर्षांतला खरा खर्च व्हाउचरसह वेगळा काढा, कारण तो तुमचा हक्क आहे. उरलेली रक्कम ट्रस्टच्या खात्यात स्वतःहून भरा, जमल्यास व्याजासह. कलम २३ खाली ट्रस्टचं नुकसान भरून देण्याची जबाबदारी तुमची आहे, आणि कोर्टाने सांगायच्या आधी भरणारा माणूस पुढच्या अर्जात वेगळा दिसतो. मग वहिनींना सगळे हिशेब दाखवा आणि पुढच्या काळासाठी कोर्टाकडे रीतसर मागा. ‘मला जमणार नाही’ म्हणून चावी टेबलावर ठेवून निघून जाता येत नाही. एकदा स्वीकारलेला ट्रस्ट सोडायलाही कलम ४६ प्रमाणे कोर्टाची परवानगी किंवा सज्ञान लाभार्थ्यांची संमती लागते, लेखातच तसा अधिकार दिला असेल तर गोष्ट वेगळी.

वहिनींसाठीही सांगतो. पहिलं पत्र हिशेब मागणारं असू द्या, आरोप करणारं नको. साधी मागणी: तीन वर्षांची खतावणी, बँक उतारे, आणि ज्या आधारावर मानधन घेतलं तो कागद. उत्तर आलं नाही तर ते न आलेलं उत्तरच पुढे दाव्यात कामी येतं. जिल्हा न्यायालयाचा निकाल पटला नाही तर सांगली-साताऱ्याच्या लोकांना आता हायकोर्टासाठी मुंबई गाठावी लागत नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू आहे. सकाळच्या एसटीने जाऊन संध्याकाळी घरी येता येतं, फक्त वही बरोबर असू द्या.